हजारीचा हिशेब

एक नोव्हेंबर आला की बेळगावात कॅमेरे येतात. एका रस्त्यावर कर्नाटक राज्योत्सवाची मिरवणूक, दुसऱ्या रस्त्यावर मराठी माणसांची काळ्या दिनाची फेरी, मधे बॅरिकेड, पोलीस आणि वाहिन्यांच्या गाड्या. सुवर्णसौध या इथल्या विधानभवनात कर्नाटक विधिमंडळाचं हिवाळी अधिवेशन भरलं की तेच कॅमेरे पुन्हा येतात. चंदगड तालुका वगळून बेळगाव जिल्हा १९५६ साली मुंबई राज्यातून निघाला आणि त्या वेळच्या म्हैसूर राज्यात गेला, तेव्हापासूनचा हा प्रश्न. २००४ पासून तो सर्वोच्च न्यायालयात आहे. त्यासाठी तुरुंगात जाऊन आलेली माणसं माझ्या घरातही आहेत, त्यामुळे त्याचं चित्रीकरण होऊ नये असं मी कधीच म्हणणार नाही.

पण त्याच दिवसांत साखर कारखान्यांची धुराडी पेटतात. बीडकडून, विजापूरकडून ऊसतोडीच्या टोळ्या निघतात आणि चिकोडी, अथणी, रायबाग, हुक्केरी, निपाणी या पट्ट्यात उतरतात. ट्रॅक्टरच्या ट्रॉलीत भांडी, गोधड्या, पाण्याची पिंपं, त्यावर बसलेली लेकरं. उसाच्या फडाजवळ दोन दिवसांत त्यांच्या कोप्या, म्हणजे झोपड्या, उभ्या राहतात. निपाणीच्या आसपासच्या गावांत घराघरांच्या उंबऱ्यावर बायका सूप मांडीवर घेऊन विड्या वळत असतात, त्या तर बाराही महिने. खानापूरकडे भात कापणीला आलेलं असतं आणि वीटभट्टीची माती भिजायला घातलेली असते. एवढं सगळं चालू असताना कॅमेऱ्याचं तोंड चौकाकडे असतं.

मी माहितीपट करते. वेदगंगेच्या काठावरच्या एका गावात वाढले आणि माझं बहुतेक काम याच पट्ट्यात आहे. कष्टकऱ्यांवरचा माहितीपट कसा असावा याबद्दल इतक्या वर्षांत माझं एक मत पक्कं झालं आहे. त्यात कामाबरोबर कामाचा हिशेब आला पाहिजे. किती तास, काय दर, कोण मोजतं, कोण कापून घेतं, वहीत काय लिहिलं जातं आणि हातात काय पडतं. घामाचा थेंब कुणीही टिपतो. तो थेंब गाळून संध्याकाळी पदरात किती पडलं हे पडद्यावर येत नाही, तोवर बघणाऱ्याला हळहळ वाटते आणि तो घरी जातो.

आपल्याकडे माहितीपटात कष्टकरी बराच काळ मुका राहिला, त्याला एक कारणही होतं. फिल्म्स डिव्हिजन १९४८ साली स्थापन झालं आणि पुढे कित्येक वर्षं चित्रपटगृहात मुख्य सिनेमाच्या आधी त्यांचा वार्तापट किंवा माहितीपट दाखवणं बंधनकारक होतं. माझ्या वडिलांच्या पिढीनं धरणं, ट्रॅक्टर, संकरित बियाणं हे सगळं आधी त्या पडद्यावर पाहिलं. त्यात शेतकरी असायचा, मजूरही असायचा. तो नांगर धरायचा, पाटी उचलणारी बाई हसायची आणि वरून एक भारदस्त आवाज त्यांच्याबद्दल सांगायचा. कॅमेरे जड, प्रत्यक्ष जागेवर आवाज टिपणं अवघड आणि महाग, शिवाय एकच माहितीपट अनेक भाषांत न्यायचा, म्हणून निवेदकाचा आवाज सोयीचा होता. सुखदेव, मणी कौल, प्रमोद पती यांच्यासारख्या दिग्दर्शकांनी त्याच संस्थेत राहून वेगळं करून दाखवलं हेही खरं. तरी त्या काळच्या पडद्यावर बोलतं कोण आणि राबतं कोण याची वाटणी बहुधा ठरलेली असायची.

ती वाटणी मोडणारा एक माहितीपट आमच्या निपाणीत झाला. निपाणीच्या किती लोकांना तो ठाऊक आहे, मला शंका आहे.

१९८१ सालचं निपाणी महाराष्ट्राला आठवतं ते शरद जोशींच्या तंबाखू आंदोलनामुळे. तंबाखूला भाव मिळावा म्हणून शेतकऱ्यांनी पुणे-बंगळूर महामार्ग अडवला, हजारो माणसं बैलगाड्यांसकट रस्त्यावर बसली आणि एप्रिलमध्ये गोळीबार झाला, त्यात शेतकरी मारले गेले. आमच्याकडे आजही त्या दिवसांबद्दल बोलताना म्हाताऱ्यांचा आवाज बदलतो. ते सगळं उघड्या महामार्गावर झालं, त्यामुळे त्याच्या बातम्या झाल्या, छायाचित्रं निघाली. पण शेतकऱ्याच्या रानातून निघालेला तोच तंबाखू पुढे ज्या वखारींत जायचा, तिथं बंद दारांआड दुसरा लढा चालू होता. तंबाखू कुटणाऱ्या, चाळणाऱ्या, निवडणाऱ्या बायका संघटित होत होत्या. प्रा. सुभाष जोशी यांच्यासारखे कार्यकर्ते त्यांच्याबरोबर होते. वखारीतल्या बायकांनी मजुरी, कामाचे तास, संडास, प्यायचं पाणी असल्या गोष्टी मागायच्या, संप करायचा, हे त्या वेळच्या निपाणीला झेपणारं नव्हतं.

‘युगांतर’ नावाचा एक गट त्या बायकांकडे आला. दीपा धनराज, आभा भैया, मीरा राव आणि छायाचित्रकार नवरोझ कॉन्ट्रॅक्टर. १९८० साली त्यांनी हा गट सुरू केला होता आणि आधी पुण्यातल्या मोलकरणींच्या संघटनेवर एक माहितीपट केला होता. निपाणीत ते काही महिने कामगार बायकांबरोबर राहिले. काय सांगायचं, कसं सांगायचं हे त्यांच्याशी बोलून ठरवलं आणि घडून गेलेले काही प्रसंग बायकांनीच कॅमेऱ्यासमोर पुन्हा उभे केले. १९८२ साली तयार झालेल्या त्या पंचवीसेक मिनिटांच्या माहितीपटाचं नाव ‘तंबाखू चाकिला ऊब आली’. त्यात आवाज बायकांचेच आहेत. आम्ही असं काम करतो, आम्हाला असं वागवलं जातं, मग आम्ही असं ठरवलं, असं त्या सांगतात.

घडलेलं पुन्हा करवून घेणं याला काही जण खोटेपणा म्हणतात. माझं मत नेमकं उलट आहे. संपाचा निर्णय ज्या रात्री झाला त्या रात्री तिथं कॅमेरा नव्हता. तो प्रसंग त्या बायकांच्या अंगात होता. कोण आधी उठलं, कोण घाबरलं, कोणी काय विचारलं हे त्यांनाच ठाऊक होतं. तो पुन्हा करताना त्या स्वतःच्या लढ्याच्या लेखक झाल्या. निवेदकानं वरून ‘मग कामगारांनी संप पुकारला’ असं सांगण्यापेक्षा हे कितीतरी खरं आहे.

माझी आत्ती तरुणपणी वखारीत जायची. ती सांगते, घरी येऊन अंघोळ केल्याशिवाय लेकराला जवळ घेता यायचं नाही. कितीही हात धुतले तरी तिनं कालवलेला भात कडू लागायचा, म्हणून रात्री भात माझी आजी कालवायची. नवीन बाई कामाला आली की पहिले काही दिवस तिला तंबाखू लागायची. डोकं गरगरायचं, उलट्या व्हायच्या. तिला भिंतीकडेला बसवून बाकीच्या तिची पाटी भरून द्यायच्या. वखारीतल्या ढिगाला आतून ऊब धरते, तो वेळेवर फिरवला नाही तर माल जळतो, आणि ढिगात हात घालून ऊब किती झाली हे ओळखणाऱ्या बायका असायच्या. हे ओळखायला आत्तीला तीन-चार हंगाम लागले. मजुरीच्या पत्रकात मात्र ती शेवटपर्यंत बिनकसबी कामगार होती.

हा माहितीपट मी आत्तीला लॅपटॉपवर दाखवला. डोळे पुसत बघेल असं मला वाटलं होतं, पण ती पुढं सरकून, चष्मा वर करून, काम तपासायला बसावं तशी बघत होती.

“फडकं दोन पदरी बांधाय पायजे गं. एक पदर धुळीला काय करतोय?”

मग म्हणाली, “हितं मुकादम उभा ऱ्हायाचा. ह्या बाजूला. तो कुठं हाय?”

कॅमेऱ्याच्या चौकटीबाहेर मुकादम कुठे उभा असेल, हा प्रश्न मला कुठल्याही चित्रपट शिबिरात कुणी विचारला नव्हता. आता मी कुठेही चित्रीकरणाला गेले की आधी तो शोधते. वजन करणारा, वही लिहिणारा, दाराशी उभा राहून बघणारा. तो चौकटीत आला की कामाचा अर्थ बदलतो. नुसते हात दिसले तर कला दिसते, आणि हातांच्या मागे वहीवाला दिसला की मजुरी दिसते.

नवरोझ कॉन्ट्रॅक्टर २०२३ साली गेले. ‘युगांतर’चे माहितीपट बर्लिनच्या आर्सेनाल या संस्थेनं डिजिटल करून जपले आहेत, म्हणून तरी आज ते बघता येतात. त्याबद्दल त्या संस्थेचे आभारच मानले पाहिजेत. पण ज्या आळ्यांतल्या बायका त्यात आहेत, त्या आळ्यांत तो लावला गेला पाहिजे, शाळेत दाखवला पाहिजे, दर वर्षी दाखवला पाहिजे. निपाणीच्या मुलींना आपल्या आज्यांनी काय केलं ते कळायला नको का?

तंबाखूचं रान आता आमच्याकडे बरंच कमी झालं आहे. ऊस आला, सोयाबीन आलं. विडी मात्र गेलेली नाही. धंदा उतरतीला लागला असं ठेकेदार सांगतात, तरी घरोघरी सुपं आहेत. मी गेला काही काळ याच बायकांचं चित्रीकरण करते आहे, म्हणून त्यांच्या कामाबद्दल थोडं सविस्तर लिहिते.

तेंदूची पानं आदल्या रात्री भिजवून ओल्या गोणपाटात गुंडाळून ठेवतात. सकाळी ती मऊ पडलेली असतात. पत्र्याचा साचा पानावर ठेवायचा, कात्री त्याच्या कडेनं फिरवायची, एका पानातून निघतील तेवढे तुकडे काढायचे. शिरा कुठून जातात ते बघून कापावं लागतं, नाहीतर वळताना पान फाटतं. मग चिमूटभर तंबाखू पानावर पसरायची, बोटाच्या एका फिरकीत गुंडाळायची, तोंड आत दुमडून बंद करायचं आणि वरून दोऱ्याचे वेढे. पंचवीस विड्यांचा एक कट्टा. हात बसलेली बाई हे न बघता करते, बोलत करते, पोराला ओरडत करते. उजेडासाठी सगळ्या उंबऱ्याजवळ बसतात, त्यामुळे चित्रीकरणाला वेगळा दिवा लागत नाही. तिरपा, मऊ प्रकाश आयताच असतो. चित्र सुंदर येतं.

तिथंच थांबायचा मोह पडतो. बोटांचा क्लोजअप, कात्रीचा करकर आवाज, मागे बासरी. असे माहितीपट महोत्सवांतून मी खूप पाहिले आहेत. त्यातली बासरी मला सहन होत नाही. विडीच्या घरात संगीत नसतंच असं नाही. मोबाइलवर गाणी असतात, मालिकांचे आवाज असतात, कुणीतरी जात्यावरची ओवीही म्हणतं. तिथं जे वाजतं ते वाजू द्यावं. वरून लावलेली बासरी बघणाऱ्याला सांगते की हे काहीतरी प्राचीन आणि करुण आहे, ते असंच चालत आलं आहे आणि असंच चालणार. विडी वळणं प्राचीन नाही. त्याला ब्रँड आहे, ठेकेदार आहे, कर आहे, १९६६ सालचा विडी आणि सिगार कामगार कायदा होता, तो २०२५ साली नव्या कामगार संहितेत गेला. तो सगळा आजचा व्यवहार आहे.

एका विडीला अर्धं मिनिटही लागत नाही, म्हणून संकलनात एक विडी पूर्ण दाखवणं सोपं असतं. मी एक अख्खा कट्टा दाखवते, मधे न कापता. पहिल्या तीन-चार विड्यांना प्रेक्षक कौतुकानं बघतो. सात-आठ झाल्यावर त्याची चुळबुळ सुरू होते. पंधराव्या विडीच्या आसपास त्याला तिची पाठ दिसायला लागते. तिनं दोनदा मान झटकली, एक गुडघा उचलून दुसरा दुमडला, दोरा दातानं तोडला. आणि मग त्याच्या लक्षात येतं की हा एक कट्टा झाला, आणि हजार विड्यांना असे चाळीस. महोत्सवांचे निवडकर्ते हे दृश्य छोटं करा म्हणतात. मी करणार नाही.

मजुरी हजारावर मिळते. त्या हजारीचा हिशेब मला ज्या बाईनं पहिल्यांदा नीट समजावून दिला, तिला मी मावशी म्हणते. तिची शाळा चौथीत सुटली. मी तिच्या बोटांवर कॅमेरा लावून बसले होते. कात्री खाली ठेवून ती म्हणाली,

“पोरी, सारखं हात काय काढालीस? हात समद्यांचं सारखंच. हिशेब काढ की.”

आणि तिनं तो सांगितला. ठेकेदार हजार विड्यांसाठी म्हणून जेवढी पानं तोलून देतो, त्यातली फाटकी, किडकी, लहान पानं गेली की हजार पुरे होत नाहीत. कमी पडलेली पानं आपल्या पैशानं आणायची. विड्या घेऊन गेलं की तो हातानं चाळतो आणि काही बाजूला काढतो, ती छाट. छाटीचे पैसे मिळत नाहीत, पण छाटलेल्या विड्या परतही मिळत नाहीत. त्या कायद्याखालच्या नियमांत छाटीवर मर्यादा घातलेली होती हे तिला ठाऊक होतं. ठेकेदारालाही ठाऊक आहे, असं ती म्हणाली. शिवाय भविष्यनिर्वाह निधीची कपात, आणि ती ज्या पासबुकावर जमा होते त्यात एकाच घरातल्या तिघींचं काम एकीच्या नावावर. म्हणजे दोघींनी आयुष्यभर विड्या वळून कागदोपत्री त्या कामगारच नाहीत. ना निवृत्तिवेतन, ना दवाखान्याचं कार्ड, ना लेकरांची शिष्यवृत्ती. हे सगळं तिनं एका दमात, बोटांची पेरं मोजत, एकही कागद न बघता सांगितलं. मी कॅमेरा बोटांवरून उचलून तिच्या तोंडाकडे नेला आणि तिथंच ठेवला. माझ्या माहितीपटाचा कणा ते दृश्य आहे.

तिनं सांगितलेले रुपये-पैसे मी इथं लिहीत नाही. ते माहितीपटात तिच्या तोंडून आहेत, तारखेसकट, कारण महागाई भत्त्याप्रमाणे दर बदलत राहतो आणि तारखेशिवायचा दर निरुपयोगी.

आणखी एक गोष्ट. मावशी माझ्याशी तासभर बोलली, म्हणजे तासभर तिचं काम थांबलं. माहितीपट करणाऱ्यांत एक जुना दंडक आहे की ज्याचं चित्रण करायचं त्याला पैसे द्यायचे नाहीत, दिले तर तो आपल्याला हवं तेच बोलेल. पगारी माणसाची मुलाखत घेताना हा दंडक ठीक असेल. नगावर पोट असलेल्या बाईला तो लावणं म्हणजे तिच्या खर्चानं माहितीपट करणं. मी त्या दिवसाची हजारी आधीच देते, घरातल्या सगळ्यांसमोर देते, आणि शेवटच्या श्रेयनामावलीत तसं लिहिते. पैसे घेतल्यावर बायका माझ्या मनासारखं बोलल्या असा अनुभव मला आलेला नाही. माझ्या प्रश्नाला “ह्यो काय इचारायचा प्रश्न झाला?” असं म्हणणाऱ्याही त्याच.

भीती पैशांची नसते, ठेकेदाराची असते. जी बाई बोलेल तिला उद्यापासून पानं मिळणार नाहीत. यावर तोडगा त्यांनीच काढला. एकेकटीची मुलाखत नको, सगळ्या एकदम बसू. “एकीला काढून टाकंल. गल्लीला कसा काढंल?” त्या दिवसापासून चौकटीत सात-आठ जणी असतात, एकमेकींचं बोलणं तोडतात, आकडे दुरुस्त करतात. ध्वनिमुद्रण करणाऱ्या पोराचे हाल होतात, पण जे मिळतं ते एकटीच्या मुलाखतीत कधीच मिळत नाही. एकीनं सांगितलेला अन्याय दुःख वाटतं. सात जणींनी तोच सांगितला की तो व्यवहार आहे हे कळतं.

उसाच्या फडातही हेच. तिथं नवरा-बायको मिळून एक कोयता धरतात आणि त्या कोयत्यावर हंगामाच्या आधीच मुकादमाची उचल असते. फडातली पहाट, धुकं, मोळी डोक्यावर घेऊन फळीवरून ट्रकवर चढणारी बाई, हे दृश्य कुणालाही मिळतं. उचल किती घेतली, किती फिटली, वाढे, म्हणजे उसाचे शेंडे, विकून आलेले पैसे कुणाचे, आणि हंगाम संपताना बाकी कुणाच्या अंगावर राहिली, हे विचारायला फडात महिनाभर राहावं लागतं. आनंद पटवर्धनांनी ‘जय भीम कॉम्रेड’ या माहितीपटासाठी चौदा वर्षं दिली. तेवढं सगळ्यांना जमणार नाही, पण एक हंगाम तरी द्यावा. ऊसतोडीवरचं माझं काम अजून तेवढं झालेलं नाही, म्हणून त्याबद्दल इथं जास्त लिहीत नाही.

सीमेबद्दल मात्र लिहायला हवं, कारण ती मला सगळ्यात स्पष्ट दिसली ती विडीच्या सुपात. किमान वेतन ज्या त्या राज्याचं सरकार ठरवतं. कागल तालुक्यातल्या बाईला महाराष्ट्राचा दर लागू, निपाणी तालुक्यातल्या बाईला कर्नाटकाचा. सीमेच्या दोन्ही बाजूंची गावं एकमेकांना दिसतात. सोयरिकी आहेत, एकाच जत्रेला जातात. इकडच्या बायका तिन्ही भाषा बोलतात. कट्टे कन्नडात मोजणारी, भांडताना मराठीत येणारी आणि शेजारणीशी दखनी बोलणारी एकच बाई मी पाहिली आहे. म्हणून माझ्या माहितीपटाला मी मराठी आणि कन्नड अशा दोन्ही ओळी खाली देते. त्यावरून दोन्ही बाजूंची बोलणी ऐकावी लागतात, ती मी ऐकते. पण संकेश्वरकडची विडी कामगार बाई आणि निपाणीची विडी कामगार बाई एकमेकींचं बोलणं ऐकू शकल्या नाहीत, तर माझ्या कामाला अर्थ नाही.

मागच्या उन्हाळ्यात आम्ही सीमेच्या अलीकडच्या एका गावात समाजमंदिरापुढे पडदा बांधला. पलीकडच्या दोन गावांतूनही बायका आल्या होत्या, माहेरवाशिणींच्या ओळखीनं. पहिली दहा मिनिटं नुसता हशा. कुणाची साडी, कुणाचं घर, कुणाचं कुत्रं मधे आलं. मग मावशीचा हिशेब सुरू झाला. तिनं दर सांगितला आणि पलीकडच्या गावची एक बाई उभी राहिली.

“थांबवा ओ जरा. किती म्हणाल्या त्या?”

मी माहितीपट थांबवला. तिनं त्यांच्याकडचा दर सांगितला. तो वेगळा होता. त्यावर तिसरी म्हणाली, आमच्या गावात ठेकेदार बदलला तसा दर बदलला. चौथीनं छाट किती जाते ते विचारलं. कागदावरचे दर दोन, आणि हातात पडणारे दर ठेकेदारागणिक निराळे, हे तिथं सगळ्यांसमोर उघडं झालं. एकाच ठेकेदाराला माल देणाऱ्या दोन गावांतल्या बायकांना छाट वेगवेगळी लागत होती, हे कळल्यावर तर गलकाच झाला. कुणीतरी पोराकडून वहीचं पान मागून घेतलं. पडद्यावर मावशीचा चेहरा तसाच थांबलेला, आणि खरी मावशी पडद्यापुढे उभी राहून गावांची नावं आणि दर लिहून घेत होती. अर्ध्याअधिक जणींनी उरलेला माहितीपट पाहिलाच नाही. मला त्याचं जराही वाईट वाटलं नाही. तो ज्यासाठी केला होता ते काम चालू होतं.

त्या वहीच्या पानाची आता यादी झाली आहे. त्यात गाव, ठेकेदार, दर, छाट आणि एका पासबुकावर किती जणी काम करतात असे रकाने आहेत. ती घेऊन कामगार कार्यालयात जायचं त्यांनी ठरवलं आहे, आणि त्याआधी सगळ्या पासबुकांचं चित्रीकरण माझ्याकडून हवं आहे, म्हणजे उद्या कुणी पासबुकं काढून घेतली तरी पुरावा राहील. कुणाचं नाव झाकायचं आणि कुणाचं दाखवायचं हे त्याच ठरवणार. मी लगेच कॅमेरा घेऊन यायला तयार होते, पण मावशीनं अडवलं.

“आदी दिवाळीचा बोनस पदरात पडू दे. आता काढलंस तर बोनस अडकवतील. तुळशीचं लगीन झालं की ये. आन् येताना त्या कागलकडच्या दोघींना गाडीत घेऊन ये, त्यांच्याकडं पासबुकाची जुनी वही हाय.”